लाकड्याचं डावं शिंग

चित्रकथेत आधी अक्षरं लिहायची आणि मग चित्र काढायचं, हा आमच्या धंद्यातला पहिला नियम. मला तो कुणी सांगितला नव्हता. सांगितला असता तर लाकड्याची दोन्ही शिंगं शाबूत राहिली असती, चार-सहा आठवड्यांत लोक त्याला विसरले असते, मलाही विसरले असते, आणि या अंकाच्या संपादकांना माझा पत्ता शोधत मारेगावात चार दुकानं पालथी घालावी लागली नसती.

लाकड्या म्हणजे एक लाकडी बैल. झुमरी नावाच्या एका आगाऊ मुलीचा. खोलीत दुसरं कुणी नसलं की तो बोलतो. एवढंच आमचं भांडवल. त्यावर मी वीसेक वर्षं दर रविवारी एका दैनिकाच्या पुरवणीत, मुलांच्या पानाच्या तळाशी, चार चौकटींची पट्टी काढली. पेपर निघायचा नागपुरात, मी राहायचे मारेगावात, आणि आमच्या दोघांमधला दुवा होता एसटीचा कंडक्टर. पुठ्ठ्याच्या दोन तुकड्यांत चित्र घालायचं, सुतळीने बांधायचं, स्टँडवर जाऊन ओळखीच्या कंडक्टरच्या हवाली करायचं. त्या काळात मी स्टँडवर इतकी दिसायचे की गावातल्या निम्म्या लोकांना मी एसटी खात्यातच आहे असं वाटायचं. आमच्या यजमानांचं शेतीच्या अवजारांचं दुकान होतं. त्यांना कुणी विचारलं, बाई काय करतात, तर ते म्हणायचे, ‘बैल काढते.’ गिऱ्हाईक पुढचं विचारायचं नाही.

विदर्भाबाहेरच्या वाचकांसाठी थोडं सांगते. पोळ्याला खरे बैल सजवून तोरणाखाली उभे करतात, हे सगळ्यांना ठाऊक आहे. आमच्याकडे दुसऱ्या दिवशी तान्हा पोळा असतो. तो मुलांचा. मुलं आपापले लाकडी बैल सजवून, चाकांवर ओढत तोरणाखाली नेतात, मग घरोघर फिरतात. मोठी माणसं बैलाला ओवाळतात आणि मुलांच्या हातावर खाऊ, नाणं, जे असेल ते ठेवतात. त्याला बोजारा म्हणतात. कुणाचा बैल तळहातावर मावेल एवढा, कुणाचा वासराच्या उंचीचा. काही घरांत तीन-चार पिढ्या चालत आलेला सागवानी बैल असतो आणि तो खेळणं नसतो. पोळ्याला त्याची देवाबरोबर पूजा होते, पुरणपोळीचा नैवेद्य दाखवतात. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

तर पहिली पट्टी. मी बैल आधी काढला. ऐटबाज, मान ताठ, शिंगं आभाळाला लागलेली. मग त्याच्या तोंडचं वाक्य लिहायला घेतलं, तर बोलण्याच्या फुग्यात अक्षरं मावेनात. वाक्य तोडावं तर गंमत जाते. फुगा वाढवावा तर तो शिंगावर चढतो. सगळं पुन्हा काढायला वेळ नव्हता, बस सुटायची होती. मी पांढरा रंग घेतला, डावं शिंग अर्ध्यातून पुसलं, टोकाला दोन खरबरीत रेघा मारल्या आणि मोकळ्या जागेत फुगा बसवला. मोडकं शिंग. झालं काम.

पुढच्या खेपेला मी दोन्ही शिंगं नीट काढून पाठवली. चित्र पोचलं त्या दिवशीच दुकानावर फोन आला. पुरवणीचं काम पाहणारे खापरे साहेब होते. आवाज कायम सर्दी झाल्यासारखा, आणि कौतुक करतानाही रागावल्यासारखे बोलायचे. म्हणाले, ‘कुमुदताई, पोरं विचारतायत, त्याचं शिंग कशानं मोडलं. आता ते मोडकंच ठेवा. आणि कशानं मोडलं ते कधीही सांगू नका.’

मी सांगितलं नाही. आज पहिल्यांदा सांगते आहे. पेपरच बंद पडला म्हटल्यावर खापरे साहेब रागावणार नाहीत.

साहेबांचं बरोबर होतं, हे मला हळूहळू कळलं. स्वस्त कागद, पसरणारी शाई, पोस्टकार्डाएवढी चौकट. त्यात चेहऱ्यावरचे भाव वगैरे आपल्या समाधानासाठी. मूल आधी शोधतं ती खूण. झुमरीची एक वेणी सुटलेली आणि लाकड्याचं डावं शिंग मोडकं, एवढं दिसलं की पोरगं खूश. वेणी बांधलेली दिसली तर ती झुमरीच नव्हे. त्यामुळे आमचं काम बाहेरून पाहणाऱ्याला वाटतं तसं नवंनवं सुचण्याचं नसतं. तेच ते, तसंच्या तसं, दर आठवड्याला काढण्याचं असतं. आणि तरी पोराला ते नवं वाटलं पाहिजे. मी शेवटची चौकट आधी ठरवायचे, कारण हसू तिथे असतं. मग मागे येत पहिली. आधी पेन्सिल, मग टाक आणि काळी शाई. एप्रिल-मेमध्ये मनगटाला नॅपकिन गुंडाळून बसायचे, कारण मारेगावच्या उन्हाळ्यात हाताचा घाम शाईवर टपकतो. कूलर लावावा तर कागद उडतो. शाई आणि कूलर यांचं कधी पटलं नाही. मी शाईची बाजू घेतली.

गिऱ्हाइकं म्हणाल तर एकेक नमुने भेटले.

आमच्या दुकानाशेजारी खतांचं दुकान होतं. त्या मालकाला लाकड्याकडून जाहिरात करून घ्यायची होती. ‘बाई, एका चित्रात लाकड्या युरियाच्या पोत्यावर बसला असं दाखवा.’ मी म्हटलं, ‘अहो, तो लाकडाचा आहे. त्याला शेत नाही, चारा नाही. तो काहीच खात नाही.’ तो विचारात पडला. मग म्हणाला, ‘मंग तं सर्वात चांगला बैल हाये हा. माह्याकडचे दोन देतो, हा मले द्या.’

एकदा पांढरकवड्याला लग्नाला गेले होते. हायवेवरच्या ढाब्याशी एक पेंटर ट्रकच्या मागच्या फळीवर चित्र रंगवत होता. जवळ गेले तर लाकड्या!  हैदराबादपर्यंत जाणार माझा बैल. फक्त त्याने उजवं शिंग मोडलं होतं. मला राहवेना. म्हटलं, ‘दादा, डावं मोडकं असतं.’ त्याने माझ्या लग्नाच्या शालूकडे पाहिलं, ब्रशकडे पाहिलं. ‘बाई, ट्रकच्या मांगून पाह्यलं तं हे, अन् बैलाच्या अंगावर बसून पाह्यलं तं थे. तुमी कुठून पाहून राह्यल्या?’ मी त्याला सांगितलं नाही की तो बैल माझा आहे. वऱ्हाडी मंडळी हाका मारत होती, आणि सांगून त्याने विश्वास तरी ठेवला असता का?

आणि एकदा एका तांड्यावरच्या शाळेत बोलावलं होतं. फळ्यावर लाकड्या काढून दाखवला, टाळ्या झाल्या. तिसरीतली एक बंजारा मुलगी उभी राहिली. म्हणाली, झुमरी आईला आई म्हणते, आम्ही याडी म्हणतो, तुमच्या गोष्टीत याडी म्हणणारं कुणीच नाही. एवढं बोलून खाली बसली. मास्तर तिच्याकडे डोळे वटारून बघायला लागले. मी म्हटलं, तिचं खरं आहे. पुढच्या महिन्यात झुमरीला एक मैत्रीण मिळाली, आरशांची ओढणी घेणारी. ती आली आणि माझं काम दुपटीने वाढलं. त्या ओढणीवरचे आरसे चारही चौकटींत तिथल्या तिथे काढायचे, म्हणजे डोळ्यांची परीक्षाच. पण पट्टी चांगली झाली. दोन मुली भांडायला लागल्या की बैलाला फार बोलावं लागत नाही.

आता मुख्य गोष्ट. ती सांगण्यासाठीच एवढं लिहिलं.

पोळा जवळ आला होता. दुपारी दारात एक म्हातारे गृहस्थ उभे. धोतर, पांढरी टोपी, प्रवासाने दमलेले. दोन्ही हातांत जुन्या लुगड्यात गुंडाळलेलं काहीतरी, तान्हं मूल धरावं तसं धरलेलं.

‘लाकड्याचे चित्रं काढनाऱ्या बाई इथंच राह्यते काय?’

ते ढाणकीहून आले होते. ढाणकी आमच्या जिल्ह्याच्या पार दुसऱ्या टोकाला. आदल्या दिवशी निघाले, यवतमाळला मुक्काम केला आणि बस बदलून मारेगाव गाठलं. नाव आत्माराम. मी पाणी दिलं. ते प्यायच्या आधी त्यांनी लुगडं सोडलं. आत सागवानाचा बैल होता. हात फिरून फिरून काळा, गुळगुळीत झालेला. गळ्यातली घुंगरंसुद्धा लाकडातच कोरलेली. इतका देखणा बैल मी कागदावर कधी काढला नाही. आणि त्याचं डावं शिंग अर्ध्यातून मोडलेलं होतं.

‘माह्या नातीनं तोडलं. निशानं. दगड घेतला अन् तोडलं. तुमच्या लाकड्यावानी कराले.’

मी हात जोडले. म्हटलं, ‘बाबा, माझ्यामुळे तुमच्या घरात…’

‘ना ना. मी भांडाले नाही आलो. आधी आयका.’ मग ते पाणी प्यायले. ‘हा बैल माह्या आज्यानं कोरला. पोळ्याले याची पूजा होते. मोडकी मूर्ती आमी पुजत नाही. घरच्यायनं ठरवलं, पैनगंगेत सोडून द्याचा. मी वाढयाकडं, सुताराकडं गेलतो. थो म्हने, नवं शिंग बसवून देतो, कोनाले समजनार नाही. पन पोट्टी बसवू देत नाही! बैल पोटाशी धरून बसली. म्हनते, लाकड्याले नाही, तं याले काहून?’

मी त्यांचा पेला पुन्हा भरला. 

‘मंग मी तिले म्हनलं, चाल, लाकड्याच्या बाईलेच इचारतो. तवा कुठं बैल हातात देला. म्हनते, बाई म्हनन तसं करन.’ त्यांनी बैलाच्या पाठीवरून हात फिरवला. ‘तं बाई, तुमी लाकड्याले शिंग लावून द्या. पेपरात. पोळ्याच्या आधी. एक डाव पेपरात आलं का पोट्टी आयकन. नाही तं हा जाते पान्यात, अन् तान्ह्या पोळ्याले सारे पोट्टे बैल घेऊन जातीन, अन् माही निशा दारात उभी राहीन.’

‘बाबा, शिंग लावलं तर तो लाकड्या राहणार नाही हो.’

म्हाताऱ्याने मान हलवली.  ‘थे बी खरं हाये,’ म्हणाले. ‘मी बी वाचतो ना. मले बी थो तसाच बरा वाटते. पन पोट्टीचं काय करू, सांगा.’

त्यांना जेवू घालून बसमध्ये बसवलं. खिडकीशी बैल मांडीवर घेऊन बसले होते. मी ‘बघते’ एवढंच म्हणू शकले. बस हलली तेव्हा त्यांनी बैलाचाच पाय उचलून मला टाटा केला. त्या वयाचा माणूस!

मी तशीच स्टँडवरच्या फोनच्या बूथवर गेले. खापरे साहेबांनी सगळं ऐकून घेतलं आणि नाही म्हणाले. पोळ्याची पट्टी कधीच त्यांच्याकडे गेली होती, पान लागत आलं होतं. आणि त्याहून मोठं कारण त्यांच्याकडे होतं. ‘एका पोरीसाठी बैल बदलायचा? उद्या दुसरी म्हणेल, झुमरीचं लग्न लावा. कुमुदताई, शिंग लावलंत की तो कुठलाही बैल होतो. लाख बैल आहेत जिल्ह्यात. हा एकच मोडका आहे.’

खरी अडचण हीच होती, की त्यांचं म्हणणं मला पटत होतं. आत्मारामबाबांचंही पटत होतं. तिकडे ती मुलगी, तिचंही पटत होतं. तिघांना पटेल असं काही मला सुचत नव्हतं. मी दोन दिवस कागद समोर घेऊन नुसती बसून होते. टाकावरची शाई वाळायची, मी पुन्हा बुडवायचे, पुन्हा वाळायची. मला मूल नाही. घरात लाकडी बैल कधी कुणासाठी आणला नाही. पण ती दारात उभी राहिलेली मुलगी माझ्या डोळ्यांपुढून हलेना.

तिसऱ्या दिवशी दुपारी जेवायला बसलो. आमच्या सासूबाईंनी नुकतीच कवळी करून घेतली होती. जेवताना लावायच्या, जेवण झालं की काढून वाटीत ठेवायच्या. सणावाराला, फोटोला लावायच्या. एरवी तोंडाचं बोळकं घेऊन दिवसभर गावगप्पा. त्या दिवशी जेवण झालं, त्यांनी कवळी काढली, चूळ भरली आणि माझ्या ताटाकडे पाहिलं.

‘काहून वं, जेवत काहून नाही?’

मी सगळं सांगितलं. म्हटलं, शिंग लावलं तर तो लाकड्या राहत नाही, नाही लावलं तर त्या मुलीचा बैल नदीत जातो.

सासूबाईंनी वाटी पुढे सरकवली. आत दात. ‘हे पाय. लावले तवा बी मीच, काढले तवा बी मीच. तू का मले वयखत नाही का?’

मी ताटावरून उठले. सासूबाई मागून ओरडत होत्या की भाजी तरी संप, पण मला चौथी चौकट दिसली होती.

ती पट्टी अशी. पहिल्या चौकटीत झुमरीची आजी म्हणते, मोडक्या बैलाची पूजा होत नाही. दुसरीत झुमरी पऱ्हाटीची, म्हणजे कपाशीच्या वाळलेल्या झाडाची, एक वाकडी काडी दगडावर घासते आहे. तिसरीत पूजा. लाकड्याला दोन शिंगं, दोन्हींना चमकता बेगड. आजी ताट आणायला आत गेलेली, तेवढ्यात तो विचारतो, ‘कसा दिसतो?’ झुमरी म्हणते, ‘दुसऱ्याच कोनावानी.’ चौथीत पूजा झालेली आहे, ओवाळणीचं ताट बाजूला आहे, आणि लाकड्या झुमरीला म्हणतो, ‘काढ आता. जपून ठेव. पुढच्या पोळ्याले लागन.’ झुमरीच्या हातात शिंग, आणि लाकड्या आपला नेहमीसारखा.

या वेळी अक्षरं आधी लिहिली.

कंडक्टरवर विसंबले नाही. स्वतःच सकाळच्या बसने नागपूरला गेले. खापरे साहेबांना मी त्याआधी दोनदाच पाहिलं होतं. त्यांनी चष्मा कपाळावर चढवून पट्टी पाहिली, खाली घेऊन पाहिली.

‘चौथी चौकट आधी सुचली?’

‘हो.’

‘मग बरोबर आहे.’ त्यांनी पान लावणाऱ्याला हाक मारली आणि जुनी पट्टी काढायला सांगितली. मग माझ्याकडे न पाहता म्हणाले, ‘पोरीचं नाव काय म्हणालात?’ मी सांगितलं.  साहेबांनी चहा मागवला. त्यांनी चहा मागवणं ही त्या कार्यालयात मोठी गोष्ट होती म्हणतात.

पोळ्याच्या आधीच्या रविवारी पट्टी छापून आली. ढाणकीला पेपर दुपारच्या गाडीने पोचतो हे मी स्टँडवर विचारून ठेवलं होतं. त्यापुढे काय झालं हे कळायला मार्ग नव्हता. पोळा झाला. तान्हा पोळा झाला. आमच्या गल्लीत मुलं बैल घेऊन आली, मी ओवाळलं, खाऊ दिला. प्रत्येक मुलीच्या हातातल्या बैलाकडे आधी बघत होते. त्या दिवशी मी किती वेळा दारापर्यंत जाऊन आले असेन, सासूबाई हसत होत्या.

दिवाळीच्या सुमाराला आत्मारामबाबा पुन्हा आले. या वेळी बैल त्यांच्या हातात नव्हता. एका मुलीच्या काखेत होता. सात-आठ वर्षांची, काळीसावळी, कपाळावर आठी. ती घरात आली आणि तिने आधी माझ्या टेबलाची पाहणी केली. शाईची बाटली उचलून पाहिली. मग मला विचारलं, ‘तुमीच का?’

‘मीच.’

‘काढून दाखवा.’

मी कागदावर लाकड्या काढला. तिने बोट ठेवून शिंग पाहिलं. खातरजमा झाल्यावर आठी गेली. मग तिने काखेतला बैल टेबलावर ठेवला. त्याला दोन्ही शिंगं होती. तिने डावं शिंग हलकेच फिरवलं आणि बाहेर ओढलं. वाढयाने खाली खुंटी ठेवली होती, मोडक्या शिंगात तिच्यापुरतं भोक.

‘पूजेच्या वक्ती लावलं,’ ती म्हणाली. ‘तान्ह्या पोळ्यात नेलं. सर्व्यायच्या घरी गेलतो. बोजारा झाला, मंग काढलं.’ तिने फ्रॉकच्या खिशात शिंग टाकून दाखवलं. ‘असं ठेवलं.’

‘सर्व्यायच्या म्होरं काढलं,’ आत्मारामबाबा म्हणाले. ‘माही बायको वरडली. मी म्हनलं, पेपरात आलं ना, काढू दे.’ आणि ते इतके हसले की त्यांना खोकला आला. सासूबाईंनी मान डोलावून आपली वाटी तेवढी पदराआड सरकवली.

मुलीने जाता जाता तो कागद मागून घेतला. आभार वगैरे मानले नाहीत. मला वाटतं, तिच्या हिशेबाने मी माझं काम नीट केलं होतं, त्यात आभार कसले?

एवढीच गोष्ट. मला पुरस्कार मिळाला नाही, पट्ट्यांचं पुस्तक निघालं नाही. खापरे साहेब निवृत्त झाले, मुलांचं पान आधी अर्धं झालं, मग गेलं, मग पेपरच गेला. माझ्याकडच्या मूळ चित्रांची पेटी माळ्यावर होती. उघडली तेव्हा वाळवीने ती आतून पार पोखरली होती. वाळवीला लाकडी बैल आवडणारच, असं म्हणून मी हसले, पण वाईट वाटलं. अजून वाटतं. एखादी तरी पट्टी भिंतीवर लावायची होती. सासूबाई गेल्या. आत्मारामबाबाही गेले, असं कुणाकडून तरी कळलं. निशा लग्न होऊन कुठे गेली, मला माहीत नाही. आता माझा हात थरथरतो, रेघ सरळ येत नाही. बाकी सगळं ठीक आहे. सकाळी चहा घेऊन ओट्यावर बसते, शाळेत जाणाऱ्या पोरींच्या वेण्या बघते. एखादीची सुटलेली असतेच.

यंदा पोळ्याला भाचीने आग्रह करून बोलावलं. तिचं सासर नेमकं ढाणकीचं. तान्ह्या पोळ्याच्या दिवशी तिच्या दारात मी ओवाळणीचं ताट घेऊन बसले होते. गल्लीत मुलांचा गलका चालला होता. कुणी शेतकऱ्याच्या वेषात, कुणी डोळ्यांवर गॉगल लावून. एक चिमुरडी पुढे आली. पाच-सहा वर्षांची असेल. नवा कोरा बैल, रंग अजून वास मारत होता, शिंगांना बेगड. मी बैलाला कुंकू लावलं, ओवाळलं, तिच्या हातावर लाडू ठेवला. तिने लाडू तोंडात धरला, मोकळ्या हाताने बैलाचं डावं शिंग फिरवून काढलं आणि खिशात घातलं.

मी ताट खाली ठेवलं. तिच्या मागच्या मुलाकडे पाहिलं. त्याच्या बैलालाही डाव्या शिंगात खुंटीचा सांधा होता. त्याच्या मागच्या मुलीच्या बैलालाही.

‘अगं, शिंग का काढलंस?’

तिने लाडू हातात घेतला. ‘पूजा झाली ना.’

‘पण डावंच का?’

तिने माझ्याकडे असं पाहिलं, की परगावची म्हातारी, हिला काही माहीत नाही. ‘डावंच असते, आजी.’

‘कुणी सांगितलं तुला?’

‘कोनी कायले सांगन?’ ती बैलाची दोरी ओढत निघालीसुद्धा. ‘पहिल्यापासूनच असते.’

‘थांब, थांब,’ मी तिला हाक मारली आणि ताटात होते नव्हते तेवढे सगळे लाडू तिच्या ओंजळीत घातले.